समोरच्याला खुर्चीत बसवणारी स्टीलबाई

पुणे, १४ मार्च

प्रिय सुधाकर,
सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र पोचले. नातीने कॅरममध्ये मुलींचा गट जिंकला हे वाचून फार आनंद झाला. मात्र ‘मुलांशी खेळले असते तर?’ हा प्रश्न तिने घरात सर्वांना विचारून भंडावले आहे, असे तू लिहिलेस आणि मला एकदम डोरोथी डाइन स्टील या इंग्लिश बाईंची आठवण झाली. त्यांचा खेळ कॅरम नव्हे, क्रोके.

हसू नकोस. क्रोके म्हणजे चहा पिता पिता खेळायचा साहेबांचा विरंगुळा, असे मीही समजत होतो. विंबल्डनचा तो जगप्रसिद्ध क्लब १८६८ मध्ये स्थापन झाला तो मुळात क्रोकेसाठी. टेनिस तिथे मागाहून आले आणि घरमालक झाले. क्लबच्या नावात क्रोके अजून टिकून आहे, पण टेनिसच्या पाठीमागे.

हिरवळीवर सहा कमानी, मधोमध एक खुंटी, चार चेंडू आणि मॅलेट, म्हणजे लांब दांड्याची मोगरीच म्हण. निळा आणि काळा चेंडू एकाचा, तांबडा आणि पिवळा दुसऱ्याचा. प्रत्येक चेंडूने सगळ्या कमानी दोनदा पार करून शेवटी खुंटीला लागायचे. आपल्या चेंडूने दुसरा चेंडू टिपला, की आपला त्याला खेटून ठेवायचा, एकाच फटक्यात दोन्ही हलवायचे आणि वर आणखी एक फटका घ्यायचा. कमान पार केली की पुन्हा एक फटका मिळतो आणि आधी टिपलेले चेंडू नव्याने टिपण्याची मुभाही मिळते. त्यामुळे हात बसलेला खेळाडू कमानीमागून कमान घेत जातो, आणि प्रतिस्पर्धी मैदानाकडेच्या खुर्चीत बसून ते बघत राहतो. कॅरममध्ये व्हाइट स्लॅम होताना, म्हणजे एकाच खेळीत सगळ्या पांढऱ्या सोंगट्या जाताना, समोरच्याचे जे होते, तेच. फक्त इथे ते पुष्कळ वेळ चालते. कमानीतून जाताना चेंडूच्या दोन्ही बाजूंची जागा मिळून जेमतेम १/८ इंच, तेव्हा राणी घेऊन कव्हर चुकवणाऱ्या तुझ्यासारख्याने या वाटेला जाऊच नये.

स्टीलबाई १८८४ मध्ये जन्मल्या. इंग्लंडमधील खुल्या अजिंक्यपद स्पर्धेत पुरुष आणि स्त्रिया एकमेकांविरुद्धच खेळत. लिली गोवर या बाईंनी १९०५ मध्ये ती जिंकून दाखवली होती. स्टीलबाईंनी ती १९२५, १९३३, १९३५ आणि १९३६ अशी चार वेळा जिंकली. पहिल्या वेळी त्या चाळिशी ओलांडलेल्या होत्या आणि शेवटच्या दोन विजयांच्या वेळी पन्नाशी! स्त्रियांचे अजिंक्यपद तर त्यांनी पंधरा वेळा मिळवले. मेलबर्नच्या एका चॉकलेट-कारखानदाराने दिलेल्या मॅकरॉबर्टसन शील्डसाठीही, म्हणजे क्रोकेतल्या देशादेशांच्या सांघिक स्पर्धेतही, त्या इंग्लंडच्या संघातून खेळल्या. १९६५ मध्ये त्या वारल्या.

मला या आकड्यांत एक गोष्ट विशेष वाटते. पंधरा अजिंक्यपदांमुळे त्या स्त्रियांमध्ये श्रेष्ठ ठरल्या असत्या, आणि लोकांनी ‘बायकांमध्ये’ हा शब्द हळूच पुढे जोडला असता. त्या चार विजयांनी ती सोय ठेवली नाही. या खेळात जोराचे काम अगदीच नाही असे नव्हे, कारण दोन चेंडू एका फटक्यात दूर धाडायला मनगट लागतेच. पण पुढच्या तीन कमानींसाठी कुठला चेंडू आत्ताच कुठे पाठवून ठेवायचा, हे डोक्यात मांडता आले नाही तर मनगट काय करणार? आणि कॅरममध्ये तर तेवढाही जोर लागत नाही, तरी गट वेगळे का, हे मला कधीच पटलेले नाही. तुझे मत निराळे आहे हे ठाऊक आहे. वाद समोरासमोर घालू.

नातीला स्टीलबाईंची गोष्ट सांग, पण माझ्या नावावर सांग. पुढच्या रविवारी मी येतोच आहे. बोर्ड पुसून ठेव, आणि पहिला डाव तिच्याशी तू खेळ. मी खुर्चीत बसून बघेन.

तुझा,
वसंत