ठाणे अंमलदार साहेब, तक्रार नीट लिहून घेतल्याबद्दल

आदरणीय हवालदार साहेब,

तुमचं नाव आणि ठाणं मुद्दाम लिहीत नाही. तक्रारदार कोण, हे सावकाराच्या पोरांना कळायला नको.

आम्ही कर्जदारांचे अर्ज लिहून देतो. खासगी सावकारीची तक्रार नेली की बहुतेक ठिकाणी ठरलेलं उत्तर मिळतं, "हा तुमचा आपसातला व्यवहार, दिवाणीत जा." नाहीतर दोघांना समोरासमोर बसवून तडजोड, म्हणजे खाकीच्या साक्षीने वसुली. तुम्ही यातलं काहीच केलं नाहीत. "देणं किती ते इथे ठरणार नाही, त्रास काय दिला ते सांगा," म्हणालात आणि पेन उचललंत.

अर्जात 'मानसिक छळ होत आहे' एवढंच होतं. तुम्ही खोदून विचारलंत: कोण आलं, किती वाजता, उंबऱ्याच्या आत की बाहेर, नेमके शब्द काय. लोक लाजेने 'अर्वाच्य बोलला' म्हणतात आणि धमकीच त्यात हरवते. नुसती शिवीगाळ लिहिली की एनसी, म्हणजे अदखलपात्र नोंद होते, आणि दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय तपास हलत नाही. कामाच्या जागेसमोर गाडी लावून बसणं आणि पाठलाग करणं तुम्ही तारीखवार घेतलंत. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ च्या कलम ४५ मध्ये छळ म्हणतात तो हाच: अडवणं, धमकावणं, मागे लागणं, घराजवळ किंवा कामाजवळ घुटमळणं. या कायद्याखालचे गुन्हे दखलपात्र आहेत, हे पुष्कळांना ठाऊकच नसतं.

परवाना आहे का, हे तालुक्याच्या सहायक निबंधकांकडे विचारलंत, तेही बरं झालं. विनापरवाना सावकारीला कलम ३९ खाली ५ वर्षांपर्यंत कैद आहे. मग वहीतला हिशेब. ५०,००० रुपये शेकडा दहाने, म्हणजे महिन्याला ५,००० नुसतं व्याज. दहा महिन्यांत मुद्दलाएवढे पैसे गेले आणि मुद्दल जागच्या जागी. परवानाधारक सावकारालासुद्धा बिगरशेती विनातारण कर्जावर वर्षाला १८ टक्केच घेता येतात, महिन्याला ७५० रुपये.

सगळ्यात मोलाचं म्हणजे सही करून दिलेल्या कोऱ्या चेकचे नंबर फिर्यादीत घातलेत. असा चेक पुढे भरमसाट रकमेने भरला जातो आणि चेक न वटल्याची, १३८ ची नोटीस येते. त्या वेळी आधीच्या तारखेची ही नोंद वकिलाच्या फार कामी येते. नोटीस आली की १५ दिवसांच्या आत उत्तर द्यायचं, हेही तुम्हीच सांगितलंत. शिवाय धमक्यांचं रेकॉर्डिंग फोनमधून पुसू नका, कोर्टात मूळ फोन आणि भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं, म्हणजे इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं प्रमाणपत्र लागेल, ही सूचना. लोक पेनड्राइव्ह आणतात आणि जुना फोन विकून मोकळे होतात.

बँकेचा वसुली एजंट असता तर वाट वेगळी होती. सकाळी ८ च्या आधी आणि संध्याकाळी ७ नंतर फोन करायला त्याला मनाई आहे. तक्रार आधी बँकेकडे, ३० दिवसांत दाद न लागल्यास रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे. मारहाण, धमकी झाली तर मात्र थेट तुमच्याकडेच.

एफआयआरची प्रत न मागता, फुकट दिलीत. तो हक्कच आहे, पण मागूनही न मिळालेले आम्ही पाहिलेत. तिच्या मागे पेनाने लिहिलेलं अजून आहे: "रात्री कुणी आलं तर दार उघडू नका, ११२ लावा."

आपले,
अर्ज लिहून देणारे कार्यकर्ते