शूट केलं नाही म्हणजे काही केलंच नाही?

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

जुन्या फुटेजमधून बनवलेल्या सिनेमाचा विषय निघाला की एक वाक्य हमखास ऐकू येतं, "ह्यात त्याने स्वतः शूट काय केलं, दुसऱ्याचंच तर जोडलंय". मला ते फार लागतं, म्हणून हे पत्र.

एस्फिर शूब ह्या बाईंनी १९२७ साली रशियात रोमानोव्ह घराण्याच्या पतनावर अख्खा सिनेमा जुन्या रिळांतून उभा केला, त्यासाठी सुमारे ६० हजार मीटर फिल्म डोळ्यांखालून घातली, झारच्या घरच्या चित्रीकरणासकट. त्यात जहाजाच्या डेकवर बडी मंडळी नाचून नाचून घामाघूम होतात आणि लगेच पुढच्या शॉटमध्ये मजूर घाम गाळत खणतायत, बस्स, एवढंच. मूळ घेणाऱ्याने तो नाच कौतुकानेच टिपला असणार, पण शेजार बदलला आणि अर्थ उलटा झाला. ही नजर कॅमेऱ्यात नसते, ती संकलनाच्या टेबलाशी बसून महिनोनमहिने बघणाऱ्या माणसात असते.

दुसरं उदाहरण कॅनडातल्या डॉसन सिटीचं. तिथे १९७८ मध्ये बुलडोझरने जमीन खणताना ५३३ रिळं निघाली, सगळी मूकपटांच्या काळातली. डॉसन म्हणजे सिनेमांच्या वितरणाचं शेवटचं टोक, परत पाठवायचा खर्च कोण करणार, म्हणून कधीकाळी ती जुन्या स्विमिंग पूलमध्ये भराव म्हणून टाकलेली, आणि गोठलेल्या जमिनीमुळे टिकली. ही रिळं त्या काळी वापरायच्या नायट्रेट फिल्मची, आणि ती फिल्म इतकी ज्वालाग्राही की पेटली तर पाण्याखालीही जळत राहते, अशी ती! बिल मॉरिसनने २०१६ च्या सिनेमात हीच रिळं वापरली आणि पाणी लागून कडांना आलेले पांढरे डाग पुसले नाहीत, ते पडद्यावर थरथरत राहतात आणि माणसं त्यांच्यामधून चालतात. मी तो भाग मागे नेऊन नेऊन परत बघितलाय, कारण त्या डागांत त्या रिळांनी जमिनीखाली काढलेली वर्षं दिसतात.

म्हणूनच जुन्या फुटेजला गुपचूप रंग भरणं, पावलांचे, गर्दीचे आवाज घालणं मला पटत नाही. पीटर जॅक्सनने २०१८ मध्ये पहिल्या महायुद्धाचं फुटेज रंगीत केलं, सैनिक काय बोलतायत ते ओठांवरून ओळखून आवाजही दिले, पण काय केलं ते उघड सांगितलं, त्यावर मतं वेगळी असू शकतात पण फसवणूक नाही झाली. न सांगता केलं तर उद्या कुठला आवाज तेव्हाचा आणि कुठला स्टुडिओतला हे कोणालाच कळणार नाही.

तुम्हाला एकच विनंती आहे. अशा सिनेमाचं परीक्षण छापताना दिग्दर्शकासोबत फुटेज कुठल्या संग्रहातलं, मूळ कोणी घेतलेलं (माहीत असेल तर) आणि त्यात नंतर काय बदललंय, एवढं दोन ओळीत छापत जा.

आपला,
एक नियमित वाचक