दुधाचा हिशोब आणि परत आलेला दिवस

प्रिय दोस्ता,

मेसेज टाकायचा सोडून हा पत्र काय लिहितोय म्हणून हसशील, पण व्हॉट्सॲपवर मी एवढं लिहिलं की तू नुसता अंगठा दाखवून मोकळा होतोस, म्हणून कागदच घेतला. हिरणखोरं आठवतंय ना? नववीत भूगोलाच्या वहीच्या मागच्या पानावर काढलेलं, तीन नद्या, अर्धवट किल्ला आणि खाली तुझ्या त्या भयाण अक्षरात "येथे दर बारा वर्षांनी एक दिवस परत येतो". त्या एका ओळीवरून आपण आठवडाभर बोललो नव्हतो. तुझं म्हणणं तो परत आलेला दिवस कुणालाच आठवत नाही, माझं म्हणणं सगळ्यांना आठवतो. आता वाटतं दोघंही येडे होतो.

मी ते परत लिहायला घेतलंय. निमित्त आण्णांचं श्राद्ध. या वेळी कॅलेंडरवर पंचमी लागोपाठ दोन चौकटींत, आता करायचं कधी? मला वाटलं छपाईची चूक. गुरुजींना फोन केला तर ते म्हणाले चूक नाही, ती वृद्धी तिथी. म्हणजे बघ, चंद्र सूर्यापासून १२ अंश पुढे सरकला की एक तिथी झाली, पण चंद्र कधी पळतो कधी रेंगाळतो, त्यामुळे एखादी तिथी वीसेक तासांत उरकते आणि एखादी २६ तासांपर्यंत लांबते. जिने दोन सूर्योदय बघितले ती दोनदा छापली जाते, जिने एकही बघितला नाही ती क्षय, तिला चौकटच मिळत नाही. आणि श्राद्धाला सूर्योदय नाही, अपराह्न बघतात, म्हणून पहिल्या दिवशी करा म्हणाले. केलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी उठलो तर आण्णांच्या फोटोपुढे चहाचा कप. आईला म्हटलं काल झालं ना सगळं, तर म्हणते, "पंचमी आहे अजून आठपर्यंत, असू दे." आठ वाजले, तिने कप उचलला, मोरीत ओतला नाही, ओट्याला टेकून गार चहा स्वतः पिऊन टाकला आणि कप विसळून पालथा घातला. बोलली काहीच नाही. मी पेपर समोर धरून बसलो होतो, वाचत नव्हतो.

मग काय, डोक्यात किडा शिरला. तिथीच नाही, अख्खा महिना पण गायब होतो माहितीये? क्षयमास. १९६३-६४ ला झाला, १९८२-८३ ला झाला, आणि पुढचा थेट २१२३-२४ ला, म्हणजे एकदा १९ वर्षांचं अंतर आणि मग एकदम १४१ चं. आपण आपले दर बारा वर्षांनी लिहून मोकळे, किती बाळबोध! आणि तिकडे रोममध्ये १५८२ साली लोक ४ ऑक्टोबरला झोपले ते उठले १५ ला, कॅलेंडर सुधारायचं म्हणून मधले १० दिवस कापूनच टाकले.

पण खरी किल्ली मिळाली ती रेवतीच्या गोष्टीत. बाप तिला घेऊन ब्रह्मदेवाकडे स्थळ विचारायला गेला, तिथे गाणं चालू होतं म्हणून जरा थांबले, तेवढ्यात इकडे २७ चतुर्युगं संपली. पुढे बलरामाशी लग्न ठरलं तर ही जुन्या युगातली म्हणून त्याच्यापेक्षा कितीतरी उंच, त्याने नांगराने ओढून बेताची केली. (तिला कुणी विचारलं नाही, ते आहेच.) म्हणजे काळ गेला कुठे, तर तिच्या उंचीत शिल्लक राहिला. तेच आपल्याला सुचलं नव्हतं रे! आठवण माणसाला नसतेच, वस्तूंना असते.

तर आता हिरणखोऱ्यात असं आहे. दिवस परत येतो, माणसं विसरतात, पण दूध विसरत नाही. पहाटे बाई कालचं राहिलेलं दूध चुलीवर ठेवते, उकळी यायच्या आत फाटतं, पिवळं पाणी वेगळं, चोथा वेगळा. तिच्या हिशोबाने एकाच दिवसाचं आहे, नासायला नको होतं. ती ओळखते. कुणाला उठवत नाही, गूळ घालून ते आटवते, पोरांना वाटतं आज काय सण आहे, आणि दाराच्या दोऱ्याला एक गाठ मारते. सासूच्या गाठी आधीच्या, त्याच दोऱ्यावर. पुरुषांना पत्ता नाही, ते किल्ल्यावर पंचांग घेऊन बसलेत.

एकजण सोडून, गवळी. त्याच्या पेंडीच्या पोत्यात एक माप कमी भरतं ना, त्यामुळे त्यालाही कळतं. महिनाअखेरीला तो एक दिवस जास्तीचा लावतो, बाई म्हणते कॅलेंडर बघ, ती तारीख एकदाच आहे, उलट नासकं घातलंस म्हणून खाडा धर. दोघांनाही खरं माहितीये आणि दोघंही तोंडाने म्हणत नाहीत. चार दिवस झाले मी इथेच अडकलोय. पैसे कुणाचे बुडवायचे? तू अकाउंटवाला माणूस, तू सांग.

आणि ती वही तुझ्याकडेच असणार, माळ्यावरच्या पत्र्याच्या पेटीत बघ. मधल्या नदीचं नाव काय ठेवलं होतं आपण? फोटो काढून पाठव, अंगठा नको.

तुझाच,
मागच्या बाकावरचा

ता. क. आईला चहाचं लिहिलंय ते सांगू नकोस.