सैल कोटाबद्दल आभार

आदरणीय मास्तर,
सादर नमस्कार.

मालवणच्या आपल्या हौशी नाट्यसंचात गेली नऊ वर्षे माझ्या वाट्याला म्हातारे बाप, शेजारी आणि हेडक्लार्क येत आहेत. गेल्या पावसाळ्यात निवृत्त शिक्षकाची दोन प्रवेशांची भूमिका मिळाली, तेव्हा ती सोडून द्यायची असे मी ठरवून टाकले होते. केवळ माप आधीच दिलेले असल्यामुळे तुमच्या दुकानात आलो. कोट खांद्यात चांगला दोन बोटे सैल होता. मी तक्रार केली, तेव्हा ओठांतल्या टाचण्याही न काढता तुम्ही म्हणालात, "कोट जुनो आसा, माणूस बारीक झालो." तो शिक्षक निवृत्तीनंतर खंगला आहे, ही गोष्ट संहितेत कुठेही लिहिलेली नव्हती आणि नऊ वर्षे अभिनय करणाऱ्या मला ती सुचलीही नव्हती.

मग मशीन थांबवून तुम्ही मला तुमच्याच पेशातल्या एका माणसाविषयी सांगितलेत. ए. के. हंगल हे शिंपी होते. स्वातंत्र्यलढ्यात आणि कम्युनिस्ट चळवळीत वावरलेले, कराचीच्या तुरुंगात राहिलेले हे गृहस्थ १९४९ मध्ये मुंबईत आले, 'इप्टा' या डाव्या विचारांच्या नाट्यसंस्थेत बलराज साहनी आणि कैफी आझमी यांच्या सोबतीने नाटके करत राहिले आणि 'तीसरी कसम'मधून १९६६ साली पडद्यावर आले, तेव्हा त्यांनी पन्नाशी गाठलेली होती. (मी सत्तेचाळिसाव्या वर्षी थकलो होतो, हे तुम्ही बोलून दाखवले नाहीत, हा तुमचा चांगुलपणा.) पुढे 'गुड्डी', 'अभिमान' यांतले वडील, 'नमक हराम'मधला कामगार पुढारी, 'शौकीन'मधला रंगेल म्हातारा, थेट 'लगान'पर्यंत. २००६ साली त्यांना पद्मभूषण मिळाले आणि २०१२ मध्ये ते गेले.

तुमच्या सांगण्यावरून मी १९७५ सालचे त्यांचे दोन चित्रपट पुन्हा पाहिले. 'शोले'तल्या सन्नाट्याच्या प्रश्नाची नक्कल आपल्याकडे वीज गेली की कोणीही करतो. परंतु मुलाच्या मृत्यूनंतर जय आणि वीरूला डाकूंच्या हवाली करायला निघालेला गाव त्या आंधळ्या इमामाच्या मोजक्या वाक्यांनी मागे फिरतो, हे माझ्या कधी ध्यानात आले नव्हते. 'दीवार'मध्ये तर ते शिक्षकच आहेत. भाकरीसाठी चोरी करणाऱ्या त्यांच्या मुलाला इन्स्पेक्टरची गोळी लागलेली आहे आणि तोच इन्स्पेक्टर अन्न घेऊन दारात आला असता, चोरी लहान असो वा मोठी, ती चोरीच, असे हे वडील त्याला सांगतात. त्यानंतरच तो स्वतःच्या भावाविरुद्धचे प्रकरण हाती घेतो. प्रवेश शशी कपूर यांचा आहे, निर्णयही त्यांच्या पात्राचा आहे. हंगल यांनी आवाज न चढवता तो निर्णय त्यांना घेऊ दिला आहे. रडण्याची इतकी आयती संधी मी तरी सोडली नसती.

आपल्या प्रयोगात तुमच्या कोटाची बाही बोटांवर उतरत असे आणि मुलाच्या हातून पत्र घेण्याआधी मला ती मागे सारावी लागत असे. तेवढ्या अवधीत मुलाचे काम करणाऱ्या नटाला माझ्याकडे पाहत थांबावे लागे, आणि पूर्वी घाईघाईने उरकलेले त्याचे पुढचे वाक्य तिसऱ्या प्रयोगापासून आपोआप खाली आले. टाळ्या त्याला मिळाल्या, स्पर्धेतले बक्षीसही त्यालाच मिळाले. परीक्षकांनी माझे नाव घेतले नाही. घरी परतताना मला त्याचे वाईट वाटत नव्हते, याचे मलाच नवल वाटले.

शिलाईचे पैसे तुम्ही घेतले नाहीत आणि उरलेले कापड मात्र घडी घालून परत केलेत, त्याबद्दलही मनःपूर्वक आभार. नव्या नाटकात मला पोस्टमन दिला आहे. एकच प्रवेश, संवाद चार. रविवारी खाकी कापड घेऊन मापाला येतो. हा माणूस रोज किती चालत असेल, ते तेवढे आधी ठरवून ठेवा.

आपला,
संचातला म्हातारा