अक्का, हे तुमच्यासाठी

अक्का, काल तुमच्या निरोपाच्या कार्यक्रमात मला बोलायला उभं केलं आणि माझ्या तोंडातून शब्दच फुटला नाही, म्हणून इथं लिहितेय, सगळ्यांनी वाचावं म्हणून उघडच लिहितेय.

मला डिस्प्रॅक्सिया आहे. हे नाव कळलं तिशीत आल्यावर, तोवर मी नुसती वेंधळी, धांदरट, "हिच्या हातांना काय झालंय की". डोक्यात सगळं लख्ख असतं पण मेंदूनं सांगितलेलं हाताला नीट पोचत नाही, बटण लावणं, लेस बांधणं, डावं-उजवं, गर्दीत खडेबाजार ओलांडणं, सगळ्यालाच वेळ लागतो. बुद्धीशी याचा काही संबंध नाही. शंभरातल्या पाच-सहा पोरांना हे असतं आणि बऱ्याच जणांचं मोठेपणीही जात नाही, २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात सुद्धा डिस्प्रॅक्सियाचं नाव आहे. पण आमच्या शाळेत बाईंनी अक्षरावरून माझी वही वर्गभर फिरवली होती, ते मी विसरलेले नाही.

लोक ओरडतात त्याचं एवढं लागत नाही ओ. लागतं ते हातातलं काढून घेतात त्याचं. "दे इकडं, तुला नाही जमायचं." लाटणं काढून घेतलं, सुई-दोरा काढून घेतला, पंगतीत वाढायला घेतलेली आमटीची बादली चारचौघांत काढून घेतली. आधीच्या नोकरीत तर साहेबांनी पासबुक हिसकावून स्वतः प्रिंटरला लावलं आणि लाइनीतली माणसं हसली. मायेनं काढून घेणारेही होते, नाही असं नाही, पण हात रिकामे ते रिकामेच की.

मग पतसंस्थेत तुमच्या शेजारचा काउंटर मिळाला. शनिवार होता, बाजाराचा दिवस, लाइन दारापर्यंत, आणि मोजता मोजता नोटांचं बंडल माझ्या बोटांतून सुटून फरशीवर पसरलं. तुम्ही खुर्ची मागं सारून खाली वाकलात, एकेक नोट गोळा केलीत, टेबलावर आपटून कडा सरळ केल्यात. मला वाटलं, झालं, आता ह्याच मोजणार. तर तुम्ही त्या परत माझ्याच हातात दिल्यात. समोरचे अण्णा कुरकुरायला लागले तर त्यांना म्हणालात, "स्वल्प तडीरी (म्हणजे जरा थांबा), मोजतेय ती." आणि दोन्ही हात मांडीवर ठेवून खिडकीबाहेर बघत बसलात, माझ्याकडं नाही, कारण कुणी बघत असलं की माझी बोटं जास्तच अडखळतात, हे तुम्हाला कुणी सांगितलं होतं अक्का? मी मोजल्या. हळू मोजल्या पण बरोबर मोजल्या.

पुढं नोटा मोजायचं मशीन माझ्या बाजूला आलं, रोजच्या कामाचा क्रम तुमच्या अक्षरात काचेखाली लागला, डॉक्टरांचा कागद तुम्ही मॅनेजरना समजावून दिलात, त्याचे उपकार आहेतच. पण मला आठवतात ते मांडीवरचे हात.

तुम्ही चिक्कोडीकडच्या, घरी कानडी, मी खानापूर तालुक्यातली, मराठी शाळेत शिकलेली. आमच्या बेळगाव भागात पाटी कुठल्या भाषेत यावरून माणसं तावातावानं भांडतात, आणि त्याच गावात कुणी कुणाचा वेळ आपला समजून गप्प थांबतं. अशी माणसं आहेत म्हणून माझ्यासारख्यांची नोकरी टिकते, हे मी मनापासून सांगतेय.

सोमवारपासून तुमच्या खुर्चीवर नवीन पोरगी येणार आहे. तिला कॉम्प्युटर नीट येत नाही म्हणून आत्ताच कुजबुज सुरू झालीय. मी तिच्या माउसला हात लावणार नाही, आणि कुणाला लावू पण देणार नाही.

पाऊस सरला की गावाकडं या नक्की, आईनं परत परत सांगितलंय.