डबे पोचवणारी माणसं

विश्रामबाग, सांगली

प्रिय संजय,

लष्करी राजवटीत जीव धोक्यात घालून केलेल्या चित्रणाचा उपयोग काय, यावरून परवा फोनवर तू म्हणालास, "कॅमेऱ्यानं कधी रणगाडा अडलाय का?" तेव्हा बोलणं अर्धवट राहिलं. ते डोक्यातून जाईना, म्हणून लिहायला बसलो.

रणगाडा अडत नाही, कबूल. २९ जून १९७३ ला चिलीत सैन्याच्या एका तुकडीनं बंड केलं. लिओनार्दो हेन्रिक्सेन हा कॅमेरामन सँटियागोच्या रस्त्यावर उभा राहून ते टिपत होता. एका सैनिकानं त्याच्यावरच नेम धरला. आपल्याला तो सैनिक दिसतो, रोखलेलं हत्यार दिसतं आणि मग चित्र कलंडतं. 'बॅटल ऑफ चिली' या माहितीपटात हे आहे. मला पुढं बघवेना, पण बघितलं.

त्या चित्रपटाची खरी लढाई तर नंतरची. त्याच वर्षी ११ सप्टेंबरला लष्करप्रमुख पिनोशेनं सत्ता घेतली, दिग्दर्शक पात्रिसिओ गुझमान यांना राष्ट्रीय स्टेडियममध्ये डांबलं. रिळं सापडली असती तर त्यात दिसणारा एकेक माणूस उचलला गेला असता. रिळांचे ते डबे स्वीडनच्या दूतावासाच्या मदतीनं देशाबाहेर गेले, संकलन क्युबात झालं. कॅमेरामन होर्हे म्युलर मात्र चिलीतच राहिला. नोव्हेंबर १९७४ मध्ये त्याला धरून नेलं, आजतागायत पत्ता नाही.

आता ब्रह्मदेशाचं, म्हणजे म्यानमारचं बघ. २७ सप्टेंबर २००७ ला यांगूनमध्ये केन्जी नागाई या जपानी पत्रकाराला गोळी घातली. चुकून लागली, असं तिथलं लष्करी सरकार सांगू लागलं. पण दुसऱ्या कुणीतरी ते टिपलं होतं. अगदी जवळून झाडलेली गोळी जगानं पाहिली. तू विचारतोस ना उपयोग काय? हा उपयोग! सत्ता लष्कराची असली की कोर्ट त्यांचं, वर्तमानपत्र त्यांचं. अशा वेळी खोटं पाडायला एवढंच हातात उरतं. आणि हे टिपणारे बहुतेक निनावी असतात. २०२१ च्या लष्करी बंडानंतर तिथल्या दिग्दर्शकांनी मिळून 'म्यानमार डायरीज' हा चित्रपट केला, त्यांच्यातल्या कुणीही आपलं नाव दिलेलं नाही.

हे आपल्याकडच्या माणसांना समजावून सांगावं लागू नये. इंग्रजांविरुद्धच्या प्रतिसरकारच्या काळात कुंडल भागात भूमिगतांना भाकरी पोचवणाऱ्या, निरोप नेणाऱ्या किती बायका होत्या! नाना पाटलांचं, जी. डी. बापू लाडांचं नाव राहिलं आणि ते राहायलाच हवं. पण त्या बायकांनी तोंड उघडलं असतं तर चळवळ महिन्यातच संपली असती. रिळांचे डबे पोचवणारी माणसं मला त्यांच्यातलीच वाटतात.

म्हणून एक काम सांगतो, नाही म्हणू नकोस. 'म्यानमार डायरीज' दाखवायची परवानगी कुणाकडून मिळते ते तू पुण्यात बसून शोध. मराठी सबटायटलं आपण दोघं करू, दिवाळीच्या सुट्टीत चार दिवस इकडंच राहा. पहिला खेळ कुंडलला लावू. वहिनींना नमस्कार, पोरांना आशीर्वाद.

तुझा,
रमेश