‘हवा सापडली’ असं छापण्याआधी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या आठवड्यात आपल्या अंकात ‘दुसऱ्या पृथ्वीवर हवा सापडली’ अशा मथळ्याची बातमी आली. आठवीतल्या माझ्या मुलीने ती कापून कपाटाच्या दाराला चिकटवली. मी ती दोनदा वाचली. मजकुरात ‘शक्यता’ हा शब्द एकदा होता, मथळ्यात नव्हता. म्हणून हे पत्र.

ती बातमी ट्रॅपिस्ट-१ या ताऱ्याच्या ‘ई’ ग्रहाची. हा तारा कुंभ राशीत, सुमारे ४० प्रकाशवर्षांवर आहे. तांबूस, थंड आणि आकाराने गुरूपेक्षा थोडाच मोठा. त्याला सात खडकाळ ग्रह असल्याचं २०१७ साली जाहीर झालं. ‘ई’ अशा अंतरावर आहे की हवा असलीच तर तिथे पाणी वाहतं राहू शकेल. जेम्स वेब या अवकाशातल्या दुर्बिणीने तो ताऱ्यासमोरून जाताना चार वेळा पाहिला आणि सप्टेंबर २०२५ मध्ये निष्कर्ष आले. जन्मापासूनची हायड्रोजनची हवा त्याच्याभोवती उरलेली नाही, एवढं बरंचसं ठरलं. नायट्रोजनची हवा असू शकते आणि नुसता उघडा खडकही असू शकतो. मिथेनसारखी पुसट खूण दिसली, पण ती ग्रहाची की ताऱ्याचीच, याचा निवाडा झालेला नाही.

ताऱ्याची खूण ग्रहाच्या नावावर कशी चढते, हे मला माझ्या कामामुळे लगेच उमगलं. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत टॉवेलच्या डाइंगमध्ये मी बावीस वर्षं रंगाची शेड जुळवतो आहे. ट्यूबलाइटखाली तंतोतंत जुळलेली शेड उन्हात नेली की फसते. म्हणून आम्ही तोच नमुना दोन-तीन वेगवेगळ्या दिव्यांखाली धरून बघतो आणि मगच माल पुढे सोडतो. खगोलशास्त्रज्ञांजवळ दिवा एकच, तो तारा. ग्रह समोरून जाताना ताऱ्याचा थोडासा उजेड ग्रहाच्या हवेतून गाळून येतो. हवेतला प्रत्येक वायू आपापला रंग शोषून घेतो, तेवढा उजेड कमी भरतो आणि त्यावरून वायू ओळखायचा. पण हा दिवाच डागाळलेला आहे. त्याच्यावर थंड डाग आहेत, तापलेले पट्टे आहेत. इतक्या थंड ताऱ्यात पाण्याची वाफसुद्धा असते. आणि पृथ्वीसारख्या हवेने पडणारा फरक दहा लाखांत काही डझन भाग, इतका बारीक. त्यावर त्यांनी काढलेली तोड आमच्या धंद्यात शोभेल अशी आहे. सर्वांत आतला ‘बी’ ग्रह उघडा खडक दिसतो, तेव्हा तो समोरून जाताना जी खूण उमटेल ती ताऱ्याचीच धरायची, ‘ई’च्या मोजणीतून वजा करायची आणि उरेल ते बघायचं. असा कोरा नमुना आम्हीही हाताशी ठेवतो.

‘बी’वर हवा नाही हे कसं कळलं? ही रीत सोलापूरकराला समजावून सांगावी लागू नये. एप्रिलमध्ये पारा ४३ वर जातो, दुपारी अंगणातल्या फरशीवर पाय ठेववत नाही. हे ग्रह बहुधा ताऱ्याकडे कायम एकच तोंड करून असतात, म्हणजे एका बाजूला कायमची दुपार. हवा असेल तर ती दुपारची उष्णता ओढून रात्रीच्या बाजूला नेते आणि दिवसाची बाजू थोडी निवते. हवा नसेल तर दगड नुसता भाजत राहतो. ग्रह ताऱ्यामागे लपला की त्याची स्वतःची ऊब एकूण उजेडातून गळते. केवढी गळली त्यावरून तापमान काढतात. ‘बी’चं २०२३ मध्ये सुमारे २३० अंश सेल्सिअस निघालं. उष्णता सगळीकडे वाटणारी हवा असती तर ते साधारण शंभर अंशांनी कमी भरलं असतं. त्याच वर्षी ‘सी’वर शुक्रासारखी दाट हवा नसल्याचं दिसलं. मला ही दोन्ही कामं फार मोठी वाटतात. चाळीस प्रकाशवर्षांवरच्या दगडाचा ताप मोजला! पण या बातम्या आपल्या अंकात वाचल्याचं आठवत नाही. काही ‘सापडलं’ नव्हतं, म्हणून राहिल्या असतील.

उलट उदाहरणही आहे. पुष्य नक्षत्राच्या उत्तरेला ५५ कॅन्क्री नावाचा अंधुक तारा आहे. गावाबाहेरच्या अंधारात साध्या दुर्बिणीतून दिसेल. त्याचा एक खडकाळ ग्रह १८ तासांत फेरी मारतो. हवा नसती तर तो २२०० अंशांच्या आसपास असता, भरला सुमारे १५४०. वितळलेल्या खडकातून निघणाऱ्या वायूंची हवा त्याच्याभोवती असावी, असं मे २०२४ मध्ये शास्त्रज्ञांनी मांडलं. तिथे जगणं अशक्य, म्हणून तो ‘दुसरी पृथ्वी’ झाला नाही आणि आपल्या अंकाच्या मथळ्यातही आला नाही.

एप्रिल २०२५ मध्ये के२-१८ बी या ग्रहावर जीवसृष्टीची खूण मिळाल्याचे मथळे झळकले होते. तो खडकाळ आहे असंही म्हणता येत नाही. पुढे इतर गटांनी तीच निरीक्षणं तपासली, तेव्हा खूण तेवढी पक्की निघाली नाही. ही दुसरी बातमी किती घरांत पोचली?

हे शास्त्र आपल्याला परकंही नाही. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास ग्रहणाची सावली विजापूरकडून गेली. तेव्हा जमखंडीला वर्णपटदर्शक, म्हणजे उजेडाचे रंग वेगळे करणारं यंत्र, लावून इंग्रज लष्करी अधिकारी जॉन हर्शेल बसले होते आणि गुंटूरला फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ जान्सन. उजेड फोडून दूरचा वायू ओळखायची ही विद्या आपल्या शेजारच्या मुलखात तेव्हापासून वापरलेली आहे.

खडकाळ ग्रहांच्या हवेसाठी वेब दुर्बिणीचे ५०० तास राखून ठेवले आहेत आणि ‘ई’चीही आणखी निरीक्षणं ठरलेली आहेत. तेव्हा बातम्या येत राहतील. माझी विनंती एवढीच, की ‘सापडली’ हा शब्द सापडल्यावरच वापरावा, आणि ‘ई’ उघडा खडक निघाला तर तेही तेवढ्याच जागेत, तेवढ्याच अक्षरांत छापावं. कात्रणाशेजारी मुलीने तेवढी जागा मोकळी ठेवली आहे.

आपला नम्र,
एक वाचक,
अक्कलकोट रोड, सोलापूर